चित्र काढून पोट भरते का?



या खेपेला टोमॅटोच्या रोपवाटिकेविषयी लिहायचे ठरले होते. ते पुढच्या अंकात. शिवारफेरीत एका माउलीने विचारले, "साहेब, आमची पोरगी नववीला आहे. सदा चित्रं काढीत बसते. तिचा बाप म्हणतो, चित्र काढून पोट भरतं का? तुम्हीच सांगा आता." हा प्रश्न अनेक घरांतला आहे, म्हणून उत्तर इथे देतो.

बापाचे तरी काय चुकले? आपल्याकडे चित्रकार म्हणजे पेंटर. ट्रॉलीवर मोर काढणारा, दुकानाची पाटी रंगवणारा. नारायणगावात सुपाऱ्यांच्या दिवसांत तमाशाच्या राहुट्या लागतात, त्यांच्यापुढचे फलकही पूर्वी अशाच हातांनी रंगत. फ्लेक्सचे यंत्र आले आणि कितीकांचा ब्रश सुटला. बापाने ते डोळ्यांनी पाहिलेले असते.

पण चित्राची आणखी एक पेठ आहे. ती म्हणजे लहान मुलांची पुस्तके.

पुण्याच्या माधुरी पुरंदरे यांचेच पाहा. जन्म 1952 चा. वडील शिवशाहीर बाबासाहेब पुरंदरे. आई निर्मलाताई यांनी 1981 मध्ये 'वनस्थळी' ही संस्था काढली आणि खेड्यांतल्या बायकांना बालवाडी चालवण्याचे शिक्षण दिले. घर लिहित्या-वाचत्यांचे होते, तेवढी सोय आपल्याकडे नसते, हे आधीच कबूल करतो. माधुरीताई मुंबईच्या जे. जे. मध्ये चित्रकला शिकल्या, पुढे फ्रान्सला जाऊन ग्राफिक कला शिकल्या. परत आल्यावर पुण्यात त्यांनी बरीच वर्षे फ्रेंच भाषा शिकवली. पिकासो या चित्रकाराचे चरित्र मराठीत लिहिले, अनुवाद केले, वनस्थळीच्या नियतकालिकाचे संपादन केले. आणि मुलांसाठी पुस्तके केली. त्यांत गोष्टही त्यांची आणि चित्रेही त्यांचीच. 2014 मध्ये बालसाहित्यासाठी साहित्य अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला.

या पुस्तकांत राक्षस नाहीत की राजकन्या नाहीत. 'राधाचं घर' मध्ये एका घरातली माणसे आहेत. यशच्या पुस्तकांत एका लहान मुलाचे रोजचे दिवस आहेत. चित्रेही तशीच, घरातल्या पसाऱ्यासकट. पोर पान उलटते आणि त्याला आपल्याच घरासारखे काही दिसते. असे चित्र काढायला हात लागतो, पण त्याआधी नजर लागते. माणूस दमला की कसा बसतो, म्हातारी वाकते तेव्हा तिचा हात कुठे जातो, हे पाहून ठेवावे लागते. खेड्यातल्या पोरीला या पाहण्यात शहरातल्या पोरीपेक्षा काही कमी नाही, उलट जास्तच आहे. गाय उठताना आधी मागचे पाय उचलते, हे तिला कोणी शिकवावे लागत नाही.

माधुरीताईंच्या एका पुस्तकाचे नाव 'चित्रवाचन' आहे. चित्रही वाचावे लागते, हे आम्हा विस्तारवाल्यांना चांगले ठाऊक आहे. फळ पोखरणाऱ्या अळीचा एक तक्ता असे, त्यावर अळी हातभर काढलेली. एका आजीबाईंनी निरखून पाहिले आणि म्हणाल्या, "एवढी मोठी अळी आमच्याकडं नसती बाबा." खरी अळी पूर्ण वाढली तरी दीड इंचाची. शेजारी एक टोमॅटो काढला असता तर आजीला माप कळले असते. हा शेजारचा टोमॅटो ज्याला सुचतो, तो पुस्तकाचा चित्रकार.

आता धंद्याचे. छापखान्यात मोठा कागद घडी घालून आठ किंवा सोळा पानांचा फर्मा होतो. म्हणून मुलांची पुस्तके बहुधा सोळा, चोवीस नाहीतर बत्तीस पानांची असतात. चित्रकाराला गोष्ट तेवढ्याच पानांत वाटून बसवावी लागते. आधी कच्ची चित्रे, मग पक्की. पहिल्या पानावरचा मुलगा शेवटच्या पानावरही तोच दिसला पाहिजे. अक्षरांना जागा सोडली पाहिजे, आणि दोन पानांच्या शिवणीत कोणाचे तोंड जाता कामा नये. जे शब्दांनी सांगितले तेच पुन्हा काढण्यात अर्थ नसतो. जे शब्दांत आलेले नाही ते चित्राने सांगायचे.

पैसे दोन रीतींनी मिळतात. एक ठोक मानधन, म्हणजे बाग उक्ती देऊन टाकावी तसे. दुसरी रॉयल्टी, म्हणजे प्रत विकली जाईल तसा वाटा. कोणतीही असो, कागदावर लिहून घ्यावी. आणि खरे सांगायचे तर मराठीत नुसत्या मुलांच्या पुस्तकांवर घर चालवणे फार अवघड. माधुरीताईंनीही शिकवण्याचे काम केलेच. शेतीला गाय असते तशी या कामाला जोड हवी. कलाशिक्षकाची नोकरी, पाठ्यपुस्तकांची, मासिकांची किंवा जाहिरातीची कामे. बालभारतीचे 'किशोर' मासिक 1971 मध्ये सुरू झाले, तिथेही चित्रे लागतात. तेव्हा बापाच्या प्रश्नाला माझे उत्तर असे: भरते, पण जोडधंद्यासकट, आणि बऱ्याच वर्षांनी.

ज्या घरात असे मूल आहे त्यांनी वही लपवू नये. कला संचालनालयाच्या दोन परीक्षा शाळेतूनच देता येतात, आधी एलिमेंटरी, मग इंटरमिजिएट. इंटरमिजिएट उत्तीर्ण झाल्यास दहावीला वाढीव गुणही मिळतात. बारावीनंतर प्रवेश परीक्षा देऊन मुंबईचे जे. जे. किंवा पुण्याचे अभिनव कला महाविद्यालय यांसारख्या ठिकाणी जाता येते. शाळेच्या परीक्षांचा अर्ज कलाशिक्षकांमार्फत भरतात. पावसाळ्यातच विचारून ठेवा. दिवाळीनंतर गेलात तर ते वर्ष हातचे गेले.