बुरांशाची हौस आणि नाल्याकाठची धायटी

उत्तराखंड फिरून आलेल्या एका वाचक ताईंचा परवा फोन आला. डोंगरच्या डोंगर लाल करणारा बुरांश त्यांनी डोळे भरून पाहिला होता. एकच विचारायचं होतं : "रोप मागवलं तर आपल्या चंद्रपुरात लागेल का हो?"

नाही लागणार. बुरांश म्हणजे ऱ्होडोडेंड्रॉन. त्याला थंड हवा, धुकं आणि आम्लधर्मी, पालापाचोळ्याची माती लागते. हिमालयात तो साधारण दीड हजार मीटरच्या वर फुलतो. दक्षिणेत त्याचा भाऊबंद निलगिरी-पळणीच्या उंच डोंगरांवर आहे, पण आपल्या सह्याद्रीतही तो उतरलेला नाही. चंद्रपूर शहर समुद्रसपाटीपासून जेमतेम दोनशे मीटरवर, आणि मे महिन्यात इथला पारा सत्तेचाळीसच्या पुढे जातो. अशा उन्हात ते रोप आणणं म्हणजे त्याला छळणं आहे.

पण ताईंना जो लाल रंग हवा होता, तो आपल्या झाडीपट्टीत आहे. ती धायटी. धावड्याशी तिची गल्लत करू नका. धावडा हा मोठा वृक्ष, धायटी माणसाच्या उंचीचं किंवा थोडं वर जाणारं झुडूप. संस्कृतात ती धातकी. फेब्रुवारीपासून एप्रिलपर्यंत चिमूर-नागभीडच्या टेकड्यांवर, धानोऱ्याकडच्या नाल्यांच्या काठाने, मुरमाड उतारांवर ती पेटल्यासारखी दिसते. फांद्या कमानीसारख्या वाकलेल्या, सालीचे पातळ पापुद्रे सुटलेले, आणि फांदीभर लालकेशरी नळ्यांचे झुबके. गंमत अशी की हा रंग पाकळ्यांचा नाहीच. पाकळ्या इवल्याशा असतात, लाल असते ती बाहेरची नळी. फूल फळलं तरी ती नळी गळत नाही, बोंडाला कवटाळून राहते. म्हणून झुडूप इतके दिवस रंगलेलं दिसतं. नळीत मध असतो. शिंजीर त्यासाठी दिवसभर घिरट्या घालतात, आणि रानात गुरांमागे जाणारी पोरंही फूल तोडून चोखतात.

तिच्या चिवटपणाचं मला फार अप्रूप आहे. वणव्यात फांद्या जळल्या तरी बुडातून नवे धुमारे येतात. पाल्यात टॅनिन भरपूर, त्यामुळे गुरं सहसा तोंड लावत नाहीत. जिथे माती खरवडून गेली आहे, सावलीला दुसरं झाड नाही, तिथे ती आधी येते आणि मुळांनी उतार धरून ठेवते. एका गोष्टीत मात्र ती बुरांशासारखीच आहे : बी अगदी भुकटीसारखं बारीक. ते मातीत पुरलं की संपलं. बोंडं तपकिरी झाली की फुटण्याआधी काढावीत, बी राखेत किंवा बारीक रेतीत मिसळून वरच्यावर भुरभुरावं आणि हलक्या हाताने पाणी शिंपडावं. जागा उन्हाची हवी.

आयुर्वेदाची आसवं-अरिष्टं या फुलांवर आंबतात. अर्जुनारिष्टात तर मोहफूल आणि धायफूल एकत्र येतात, म्हणजे आपल्या जंगलातले दोन शेजारीच. फुलांपासून लाल रंगही निघतो. त्यामुळे धायफुलाला बाजार आहे, आणि माझी काळजी तिथेच आहे. फुलं हाताने खुडली तर झुडूप टिकतं. घाईने फांदीच कापली, एकही झुबका मागे ठेवला नाही, तर त्या वर्षी बी पडतच नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजाची मालकी जंगलात राहणाऱ्यांना दिली, २००९ मध्ये गडचिरोली जिल्ह्यातल्या मेंढा-लेखा गावाला सामूहिक वनहक्क मिळाला. ज्या ग्रामसभा तेंदू-बांबूचे नियम स्वतः ठरवतात, त्यांनी धायटीचाही एक नियम करावा : प्रत्येक झुडपावर काही फांद्या फुलांसकट सोडायच्या.

शहरवाल्यांचं काय? रस्त्याच्या दुभाजकात बोगनवेल, बंगल्याच्या कुंपणाला परदेशी झुडपं, आणि शोभेसाठी म्हणून कधीकाळी आणलेली रायमुनिया, म्हणजे घाणेरी, आता जंगल गिळत बसली आहे. एवढं पाहूनही रोपवाटिकेत धायटी मागितली की "ते तर रानातलं" असं उत्तर मिळतं. रानातलं आहे म्हणूनच हवं आहे! कोळसा खाणींमधून उपसलेल्या मातीचे जे उघडे डोंगर घुग्घुस-बल्लारपूरच्या वाटेवर दिसतात, त्यांवरही ती लावून पाहायला हवी. उघडा उतार, कडक ऊन आणि हलकी माती हीच तर तिची नेहमीची जागा.

ताई, बुरांश पाहायला पुन्हा हिमालयात जरूर जा. पण त्याआधी मार्चमधल्या एखाद्या रविवारी सकाळी नागभीडकडे चला. येताना फूल तोडू नका. एप्रिल-मे मध्ये बोंडं तपकिरी झाली की मूठभर बी आणू, आणि पावसाच्या तोंडावर तुमच्या कुंपणाशी भुरभुरू.