न्यायासनासाठी मतांचा जोगवा

न्यायाधीश निवडणुकीला उभा राहतो, गावोगाव हिंडून हस्तांदोलने करतो, दूरचित्रवाणीवर जाहिराती देतो, प्रतिस्पर्ध्याची उणीदुणी काढतो आणि निवडून आला की काळा झगा चढवून नि:पक्षपाती होतो, ही कल्पना आपल्याकडच्या वाचकाला चमत्कारिक वाटेल. अमेरिकेत ती जवळजवळ दोनशे वर्षांची जुनी आहे. मिसिसिपी राज्याने १८३२ मध्ये आपले सगळे न्यायाधीश मतदारांकडून निवडून घ्यायचे ठरविले. १८४६ मध्ये न्यूयॉर्कने तोच मार्ग धरला आणि मग एकामागून एक राज्ये त्या वाटेने गेली. संघराज्याच्या न्यायालयांतील न्यायाधीश राष्ट्राध्यक्ष नेमतात. पण सामान्य माणसाचे खटले चालतात ते बहुतेक राज्यांच्या न्यायालयांत, आणि पन्नासपैकी सुमारे ३८ राज्यांत अगदी राज्याच्या सर्वोच्च न्यायमूर्तींनाही या ना त्या प्रकारे मतदारांपुढे जावे लागते.

यात निव्वळ खुळेपणा होता असे मला वाटत नाही. गव्हर्नर आणि विधिमंडळे आपल्या मर्जीतल्या माणसांना न्यायासनावर बसवीत. त्यापेक्षा लोकांनी निवडलेला माणूस अधिक ताठ कण्याचा निघेल, असा तो हिशेब होता. रामशास्त्री प्रभुण्यांचे नाव घेतल्याशिवाय आपल्याकडे न्यायावरचा लेख पुरा होत नाही, म्हणून घेऊन टाकतो: राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगणाऱ्या रामशास्त्र्यांना दर दहा वर्षांनी पुण्याच्या पेठांतून मते मागत फिरायचे नव्हते.

मते मागायची म्हटली की बोलावे लागते आणि पैसा लागतो. या दोहोंना आवर घालण्यासाठी प्रत्येक राज्यात न्यायाधीशांची आचारसंहिता आहे, तक्रारींची चौकशी करणारा आयोग आहे. समज देण्यापासून पदावरून दूर करण्यापर्यंत शिक्षा आहेत. कागदावर बंदोबस्त चोख आहे. तो प्रत्यक्षात कोणाला पकडतो, हे पाहण्यासारखे आहे.

फ्लॉरिडातील लनेल विल्यम्स-युली या वकीलबाई २००९ मध्ये काउंटी न्यायाधीशपदासाठी उभ्या राहिल्या. त्यांनी मतदारांना स्वत:च्या सहीचे एक पत्र पाठविले आणि पंचवीस डॉलरपासून पाचशे डॉलरपर्यंत जमेल ती मदत मागितली. उमेदवाराने स्वत: पैसे मागायचे नाहीत असा तेथे नियम आहे. त्या निवडणूक हरल्या, पत्रातून एक डॉलरही मिळाला नाही आणि वर जाहीर ठपका व १,८६० डॉलर खर्चाचा भुर्दंड पदरी पडला. प्रकरण वॉशिंग्टनपर्यंत गेले. सरन्यायाधीश जॉन रॉबर्ट्स यांनी २०१५ मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी ती शिक्षा कायम केली. न्यायाधीश म्हणजे राजकारणी नव्हे, मग तो मतपेटीतून आलेला का असेना, असा त्या निकालाचा आशय. तत्त्व उत्तमच आहे. पण त्याच फ्लॉरिडात उमेदवाराच्या प्रचारसमितीने पैसे मागितलेले चालतात, कोणी किती दिले हे उमेदवाराने जाणून घेतलेले चालते, आणि देणाऱ्याला आभाराची चिठ्ठी धाडलेलीही चालते! चालत नाही ती फक्त मागणाऱ्या पत्रावरची सही.

बोलण्याची गोष्ट आणखी अवघड. मिनेसोटात उमेदवाराने वादग्रस्त कायदेशीर प्रश्नांवर आपले मत जाहीर करू नये असा नियम होता. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो पाच विरुद्ध चार मतांनी रद्द केला: निवडणूक घ्यायची आणि उमेदवाराचे तोंड बांधायचे, हे अभिव्यक्तिस्वातंत्र्यात बसत नाही. त्या बहुमतात सँड्रा डे ओकॉनर होत्या. निवृत्तीनंतर त्या न्यायाधीशांच्या निवडणुकांविरुद्ध देशभर बोलत राहिल्या आणि त्या मताविषयीची रुखरुख त्यांनी जाहीरपणे बोलून दाखविली.

मग उरले काय? निदान धडधडीत खोटे बोलू नये, एवढे तरी उरायला हवे. येथे विस्कॉन्सिन राज्यातील एक प्रकरण सविस्तर सांगण्यासारखे आहे. २००८ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाचे विद्यमान न्यायमूर्ती लुईस बटलर पुन्हा निवडणुकीला उभे होते. त्या न्यायालयावर बसलेले ते पहिले कृष्णवर्णीय. त्यांच्याविरुद्ध मायकेल गेबलमन नावाचे खालच्या न्यायालयातील न्यायाधीश होते. गेबलमन यांच्या जाहिरातीत बटलर यांच्या छायाचित्राशेजारी एका कृष्णवर्णीय बलात्काऱ्याचे छायाचित्र झळकले. निवेदनाचा अर्थ असा: याने अकरा वर्षांच्या मुलीवर अत्याचार केला; बटलर यांनी कायद्यातील पळवाट शोधली; पुढे त्याने आणखी एका मुलावर अत्याचार केला.

प्रत्येक वाक्य सुटे घेतले तर खरे. बटलर तेव्हा सरकारी खर्चाने आरोपींचा बचाव करणारे वकील होते आणि अपिलात त्यांनी पुराव्याच्या नियमाचा एक मुद्दा काढला होता. पण राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने, ती चूक निकालावर परिणाम करणारी नव्हती, असे म्हणून शिक्षा कायम ठेवली होती. तो माणूस तुरुंगातच राहिला, शिक्षा भोगून पॅरोलवर सुटला आणि नंतर त्याने दुसरा गुन्हा केला. बटलर यांच्या वकिलीमुळे तो एक दिवसही आधी सुटला नव्हता. पंचवीस-तीस वर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजविलेल्या माझ्यासारख्या वकिलाला हा प्रकार नवा नाही. पढवलेला साक्षीदार असाच बोलतो. उलटतपासात एकही वाक्य खोटे निघत नाही आणि एकूण साक्ष खोटी असते.

बटलर हरले. विद्यमान न्यायमूर्ती पराभूत होण्याची त्या राज्यातील १९६७ नंतरची ती पहिलीच वेळ. आयोगाने गेबलमन यांच्यावर आरोपपत्र ठेवले. विस्कॉन्सिनच्या संहितेत या बाबतीत लागोपाठ दोन वाक्ये आहेत. पहिले सांगते की, उमेदवाराने जाणूनबुजून खोटे विधान करता कामा नये. दुसरे सांगते की, खरे असूनही दिशाभूल करणारे विधान करू नये. इंग्रजीत पहिल्या वाक्यातील क्रियापद बंधनकारक आहे, दुसऱ्यातील केवळ उपदेशपर. आजी सांगते ना, उंबऱ्यावर बसू नये, तसे. झाले! तीन न्यायाधीशांच्या समितीने आरोप फेटाळण्याची शिफारस केली आणि २०१० मध्ये प्रकरण ज्या सर्वोच्च न्यायालयापुढे आले ते गेबलमन यांचेच न्यायालय होते. ते स्वत: बाजूला राहिले. उरलेले सहा सहकारी तीन विरुद्ध तीन असे विभागले. तिघांचे म्हणणे, एकेक वाक्य खरे आहे. तिघांचे म्हणणे, संपूर्ण जाहिरात खोटी आहे. शिक्षा काहीच झाली नाही.

म्हणजे पाचशे डॉलर मागणाऱ्या पत्राला ठपका, आणि एका न्यायमूर्तीचे पद घालविणाऱ्या जाहिरातीला माफी. यावरून माझे मत असे बनले आहे की, उमेदवार काय बोलला आणि कोणापुढे हात पसरला यावर पहारा ठेवण्यात शिस्तीची सगळी शक्ती वाया चालली आहे. खरी शिस्त निवडणुकीनंतर लावायची असते. ज्याच्या पैशावर न्यायाधीश निवडून आला, त्याच्या खटल्यातून त्या न्यायाधीशाला उठवलेच पाहिजे, आणि उठायचे की नाही हे त्याने स्वत: ठरविता कामा नये.

वेस्ट व्हर्जिनियातील खटल्याने हे साऱ्या अमेरिकेला दाखवून दिले. ह्यू केपर्टन या छोट्या खाणमालकाला मॅसी या बलाढ्य कोळसा कंपनीने धंद्यातून उठविले. २००२ मध्ये ज्यूरीने कंपनीविरुद्ध पाच कोटी डॉलरचा निकाल दिला. अपील राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात जाणार हे उघड होते, आणि २००४ मध्ये तेथील एका जागेची निवडणूक होती. कंपनीचे प्रमुख डॉन ब्लँकनशिप यांनी ब्रेंट बेंजामिन या वकिलाच्या बाजूने सुमारे तीस लाख डॉलर ओतले. उमेदवाराच्या समितीला थेट देता येणारी मर्यादा एक हजार डॉलर होती. ती त्यांनी काटेकोर पाळली. बाकीचा पैसा बहुतांशी ‘मुलांच्या भल्यासाठी’ अशा अर्थाचे नाव धारण करणाऱ्या एका संघटनेमार्फत विरोधी न्यायमूर्तींना बदनाम करण्यात गेला. बेंजामिन निवडून आले. केपर्टन यांनी बाजूला होण्याची विनंती पुन:पुन्हा केली, ती बेंजामिन यांनीच पुन:पुन्हा फेटाळली, आणि पाच कोटींचा निकाल तीन विरुद्ध दोन मतांनी उलटला. त्या तिघांत ते एक होते.

वॉशिंग्टनच्या न्यायालयाने २००९ मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी सांगितले की, पक्षपाताचा धोका एवढा मोठा असताना बेंजामिन यांनी बसायला नको होते. विरोधी मत लिहिणारे पुन्हा रॉबर्ट्सच. हा नियम राबवायचा कसा, म्हणून त्यांनी चाळीस प्रश्न क्रमांक घालून विचारले: किती पैसा म्हणजे फार पैसा, किती वर्षे तो मोजायचा, वगैरे. प्रश्न रास्त आहेत. पण रक्कम आणि मुदत नियमाने ठरविता येते. दिवाणी कायद्यात आपण मुदती आणि मर्यादा रोजच ठरवितो. केपर्टन यांचे पुढे काय झाले? बेंजामिन यांना वगळून फेरसुनावणी झाली आणि निकाल पुन्हा केपर्टन यांच्या विरुद्धच गेला. हे काही जण त्या नियमाविरुद्धचा युक्तिवाद म्हणून सांगतात. मला तो पटत नाही. हरलेल्या माणसाला निदान विकत घेतलेल्या पंचाने हरविले असे तरी म्हणावे लागले नाही.

आपल्याकडे निवडणूक नाही म्हणून नाक वर करायचे कारण नाही. १९९७ मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयाने स्वत:साठी आचारतत्त्वे मान्य केली, पण खटल्यातून उठायचे की नाही हे आपल्याकडेही तो न्यायमूर्तीच ठरवितो. भूसंपादन कायद्याच्या प्रकरणात २०१८ च्या ज्या निकालाची फेरतपासणी व्हायची होती, तो देणारे न्या. अरुण मिश्रा हेच २०१९ मध्ये घटनापीठाच्या अध्यक्षस्थानी होते. बाजूला होण्याची विनंती त्यांनीच ऐकली आणि त्यांनीच नाकारली.

विस्कॉन्सिनने केपर्टन निकालापासून घेतलेला धडा अगदी उलटा होता. निवडणुकीतील कायदेशीर देणगी किंवा परस्पर केलेला प्रचारखर्च एवढ्याच कारणावरून न्यायाधीशाला बाजूला होण्याची गरज नाही, असा नियम तेथील सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध तीन मतांनी केला. तो २०१० पासून लागू आहे. त्याचा मसुदा राज्यातील कारखानदारांच्या आणि घरजमिनीच्या दलालांच्या संघटनांनी पुरविला होता. २०११ मध्ये त्याच न्यायालयाने आणखी ठरविले की, एखाद्या न्यायमूर्तीला सहकाऱ्यांनी खटल्यातून दूर करण्याचा अधिकारच न्यायालयाला नाही. २०१७ मध्ये ५४ निवृत्त न्यायाधीशांनी अर्ज केला की, देणगीची मर्यादा ठरवा आणि त्यापुढे उठणे सक्तीचे करा. तो पाच विरुद्ध दोन मतांनी फेटाळला गेला. निवृत्तांना बोलायला काय जाते, असे कोणी म्हणेल. पण देणगी घेऊन न्यायासनावर बसण्याचा अनुभव त्यांच्याइतका कोणाला असणार?

त्यानंतर पैशाचा पूरच आला. २०२३ मध्ये तेथील एका जागेसाठी पाच कोटी डॉलरहून अधिक खर्च झाला. एप्रिल २०२५ मध्ये सुझन क्रॉफर्ड आणि ब्रॅड शिमेल यांच्यातील लढत सुमारे दहा कोटींवर गेली. इलॉन मस्क आणि त्यांच्याशी संबंधित गटांनी शिमेल यांच्या बाजूने दोन कोटींहून अधिक डॉलर खर्च केले. मस्क यांनी स्वत: ग्रीन बे शहरात सभा घेऊन दोन मतदारांना दहा दहा लाखांचे धनादेश वाटले. क्रॉफर्ड यांच्या बाजूनेही धनाढ्यांचे पैसे आले होतेच. त्या जिंकल्या. मस्क यांच्या टेस्ला कंपनीने त्याच वर्षी जानेवारीत विस्कॉन्सिन राज्याविरुद्ध, मोटारविक्रीची स्वत:ची दालने उघडू द्यावीत म्हणून, दावा लावलेला होता. शिमेल निवडून आले असते आणि तो दावा अपिलात त्यांच्यापुढे आला असता, तर २०१० च्या नियमाप्रमाणे केवळ त्या खर्चापायी त्यांना उठावे लागले नसते, आणि उरलेल्या सहांना त्यांना उठवताही आले नसते.