संशय झाडूवाल्यावरच का?

‘परिस्थितीने त्याला गुन्हेगार बनवले.’ ‘ब्रेकिंग बॅड’ ही अमेरिकन मालिका पाहिलेले अनेक तरुण वॉल्टर व्हाइटबद्दल असेच बोलतात. देऊळघाटसारख्या गावातही आता मोबाईलवर अशा मालिका पाहिल्या जातात, म्हणून या समजाची चिकित्सा आम्हाला गरजेची वाटते.

२००८ साली आलेल्या पहिल्या सीझनचे सातच भाग आहेत. पन्नाशीतला रसायनशास्त्राचा शिक्षक, तुटपुंजा पगार, फुफ्फुसाचा कॅन्सर, गरोदर बायको, दिव्यांग मुलगा. घरासाठी पैसा हवा म्हणून तो जुन्या विद्यार्थ्याला सोबत घेऊन मेथ हे घातक ड्रग बनवू लागतो. इथवर परिस्थितीची सबब चालेल. पण पाचव्या भागात त्याचा श्रीमंत जुना सहकारी उपचाराचा सगळा खर्च करायला तयार होतो. वॉल्टर नकार देतो आणि पुन्हा त्याच धंद्याकडे वळतो.

याला काही जण स्वाभिमान म्हणतात. मित्राची मदत नको, पण दुसऱ्यांच्या पोरांना विष विकून आलेला पैसा चालतो, हा कसला स्वाभिमान? हा निव्वळ अहंकार आहे. भगवान बुद्धांनी उपासकाला वर्ज्य सांगितलेल्या पाच व्यापारांत विष आणि मादक पदार्थ दोन्ही येतात.

सहाव्या भागाकडे मात्र फारसे कोणी लक्ष देत नाही. पोलिसांना सापडलेला एक मास्क वॉल्टरच्याच शाळेच्या प्रयोगशाळेतला निघतो. संशय कोणावर? सफाई कामगार ह्युगोवर! त्याच्याकडे थोडा गांजा मिळतो, अटक होते, नोकरीवर गदा येते. केमोथेरपीमुळे ओकणाऱ्या वॉल्टरची घाण याच ह्युगोने साफ केली होती. मास्तर मात्र गप्प राहतात. वॉल्टरचे खरे पतन आम्हाला इथे दिसते.

हे आपल्याला नवे आहे का? इंग्रजांनी १८७१ च्या कायद्याने जमातीच्या जमाती गुन्हेगार ठरवल्या. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो शिक्का कायद्याने पुसला. तरीही तुरुंगात जातीनुसार झाडूकाम देणारे आणि विमुक्तांना सराईत गुन्हेगार मानणारे नियम रद्द करायला ३ ऑक्टोबर २०२४ उजाडावा लागला. पत्रकार सुकन्या शांता यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल दिला. झाडू आणि संशय, दोन्ही इथे जातीनेच वाटले गेले होते.

शिक्षक घसरला की त्याची परिस्थिती सांगितली जाते. पारध्याचे पोर नुसत्या संशयावर उचलले जाते, तेव्हा त्याची परिस्थिती कोण विचारतो?

मित्रांनो, मालिका जरूर पहा. पण वॉल्टरसाठी हळहळताना ह्युगोचे पुढे काय झाले, हेही विचारा.

जय भीम!