खार, चुना आणि स्फुरद

खारपाणपट्ट्यांतील कास्तकारास त्याची जमीन कां पिकत नाहीं असें विचारावें, तर तो एकच शब्द उच्चारतो : 'खार'. विहिरीचें पाणी खारें, जमीन खारी, पिकास खार लागला. या एका शब्दाच्या पोटीं दोन निरनिराळे रोग दडलेले आहेत, आणि त्यांचे उपायही निरनिराळे आहेत. हा भेद बोलण्यांत राहिला नाहीं म्हणून तो व्यवहारांतही राहिला नाहीं, असें आमचें मत आहे.

खारवट जमिनींत पाण्यांत विरघळणारे क्षार फार असतात. उन्हाळ्यांत वर पांढरा थर येतो; माती-परीक्षणाच्या पत्रकांत विद्युत्‌वाहकता ४ च्या वर व सामू बहुधा ८.५ च्या आंत आढळतो. हिला चर काढून गोड्या पाण्यानें धुवून काढणें हाच उपाय. येथें जिप्सम टाकणें व्यर्थ होय. चोपण जमिनीचें तसें नाहीं. तींत मोकळे क्षार थोडे, पण मातीच्या कणांस सोडियम चिकटून बसलेलें असतें. म्हणून ती पावसांत लोण्यासारखी व वाळल्यावर दगडासारखी होते, सामू ८.५ च्या वर जातो. हिला जिप्सम हवें. त्यांतील कॅल्शियम सोडियमास हुसकून लावतें व तें पाण्याबरोबर खालीं निघून जातें. अर्थात् निचऱ्याची वाट केलेली असेल तर. शेगांव, संग्रामपूर, जळगांव जामोद, नांदुरा, मलकापूर या तालुक्यांतील पूर्णेच्या खोऱ्यांतील बरीच जमीन या दुसऱ्या जातीकडे झुकणारी आहे. परंतु लोकांच्या तोंडीं नांव मात्र खारच!

दुसरा घोळ पांढऱ्या भुकटीचा. एका सभासदानें जिप्समऐवजीं विरविलेला चुना शेतांत पसरला. दोन्हीं पांढरीं, दोहोंत कॅल्शियम, आणि विक्रेत्यानें 'जमीन सुधारण्याची पावडर' एवढेंच सांगितलेलें. आम्लधर्मी जमिनीस चुना हितकर खरा. पण आधींच विम्ल असलेल्या जमिनींत त्यानें सामू आणखी चढतो. त्या गृहस्थांस दोष काय द्यावा? त्यांनीं नांव विचारलें होतें, तें त्यांस मिळालें नाहीं.

आमच्या जिल्ह्याची भाषा या बाबतींत पूर्वीं इतकी दरिद्री नव्हती. लोणारच्या सरोवरांतून क्षार काढणारे लोक त्यांस सरसकट खार म्हणत नसत. दल्ला, निमक दल्ला, खप्पल, पापडी, भुसकी अशीं जातवार नांवें असत, आणि गिऱ्हाईकही नांव घेऊनच माल मागे. त्या स्थळीं कांच व साबण यांस लागणारें साहित्य मिळतें, हें 'ऐन-इ-अकबरी'सारख्या सोळाव्या शतकाच्या अखेरच्या ग्रंथांतही नमूद आहे. तो धंदा आतां उरला नाहीं. सरोवर अभयारण्य झालें असून २०२० सालीं रामसर यादींतही गेलें. धंदा गेला याचें आम्हांस फारसें दुःख नाहीं. शब्द गेले याचें आहे. बाजारांत मोरचूद, हिराकस, नवसागर, टाकणखार हे शब्द अद्याप जिवंत आहेत, व ते प्रत्येकीं एकाच पदार्थाचे वाचक आहेत. तरी हिराकस मागण्यास लाजणारा तरुण कास्तकार तोच पदार्थ रंगीत पुडींतून चढ्या भावानें घेतांना आम्हीं पाहिला आहे.

नवे शब्द नकोत असें आमचें म्हणणें नाहीं. युरिया हा शब्द आतां आमचाच झाला. नत्र, स्फुरद, पालाश हेही रुळले. पण त्यांचा अर्थ पुरता कोणी सांगत नाहीं. डी.ए.पी.च्या पोत्यावरील ४६ हा आंकडा शुद्ध स्फुरदाचा नव्हे, तर त्याच्या प्राणवायुयुक्त रूपाचा आहे. ५० किलोंच्या पोत्यांत तें रूप २३ किलो, आणि मूळ द्रव्य सुमारें १० किलोच. सिंगल सुपर फॉस्फेटांत हाच आंकडा १६ असतो, परंतु त्यांत गंधकही येतें, जें सोयाबीनसारख्या गळिताच्या पिकास लागतें. पोत्याचें नुसतें 'खत' म्हणून मोल करणाऱ्यास हें कसें कळावें?

आपल्या मंडळाच्या विक्रीकेंद्रांत प्रत्येक मालापुढें त्याचें रासायनिक नांव, बाजारी नांव व त्यांतील द्रव्यांचें प्रमाण मराठींत लिहिलेली पाटी लावावी, अशी आमची सूचना आहे. जिप्सम मागणाऱ्याकडे माती-परीक्षणाचें पत्रक मागावें. तें नसल्यास माल देण्यापूर्वीं त्यास तसें बजावावें. आणि ज्या गांवीं मातीचे व क्षारांचे जुने शब्द वृद्धांच्या तोंडीं अद्याप असतील, तेथील सभासदांनीं ते अर्थासह या मासिकाकडे लिहून धाडावे. आम्ही ते छापूं.