जुन्या तामिळ गाण्यांचे धनी कोण?

मल्याळम भाषेतील 'मंजुम्मेल बॉइज' हा चित्रपट २०२४ साली गाजला आणि त्याबरोबर एक जुना वाद पुन्हा जागा झाला. या चित्रपटात १९९१ च्या 'गुणा' या तामिळ चित्रपटातील एक गाणे वापरले होते. आपल्या अनुमतीवाचून ते वापरले गेले, अशी नोटीस संगीतकार इळैयराजा यांनी निर्मात्यांना पाठविली. संगीत कंपन्यांकडून हक्क रीतसर घेतले आहेत, असे निर्मात्यांचे उत्तर होते. तीन दशकांपूर्वीचे गाणे नव्या पिढीला, तेही दुसऱ्या भाषेच्या चित्रपटात, भुरळ घालते हे त्या गाण्याचे यश खरेच. परंतु या यशाचा धनी कोण, हा प्रश्न मात्र सुटलेला नाही.

तामिळ चित्रपटगीतांची ओढ इतकी टिकाऊ का, याचे उत्तर त्यांच्या घडणीत सापडते. तामिळ बोलपट १९३१ साली अवतरला तो संगीत रंगभूमीचे बोट धरून. मराठी वाचकाला ही वाट परिचयाची आहे. पुढेही गीतलेखनाची साहित्याशी असलेली नाळ तुटली नाही. चित्रपटगीतांमुळे घरोघरी पोहोचलेल्या कण्णदासन यांना १९८० साली कादंबरीसाठी साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९५९ मध्ये ऐन तारुण्यात निधन पावलेल्या पट्टुक्कोट्टै कल्याणसुंदरम यांनी श्रमिकांचे दुःख पडद्यावर आणले. एम. जी. रामचंद्रन यांच्या तोंडी आलेल्या नीतिपर गीतांनी त्यांची लोकप्रतिमा घडविली आणि १९७७ मध्ये ते मुख्यमंत्री झाले. विश्वनाथन-राममूर्ती या जोडीने रागदारीला पाश्चात्त्य वाद्यमेळाची जोड दिली, तर १९७६ च्या 'अन्नक्किळि'पासून इळैयराजांनी खेड्यातील लोकसंगीत अग्रभागी आणले. काव्य, राजकारण आणि गाव यांची अशी एकत्र भेट ज्या गाण्यांत होते, ती सहजी विसरली जात नाहीत.

त्यांच्या प्रसाराला सरकारी धोरणाने अनपेक्षित हातभार लावला. १९५२ ते १९६२ या काळात माहिती व नभोवाणी मंत्री असलेल्या बाळकृष्ण विश्वनाथ केसकर यांनी आकाशवाणीवरील चित्रपटसंगीताला वेसण घातली आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. हिंदी श्रोत्यांना तेथे 'बिनाका गीतमाला' मिळाली, तामिळ श्रोत्यांना त्याच केंद्राची तामिळ सेवा. पुढे १९८३ च्या हिंसाचारानंतर श्रीलंकेतील तामिळ मोठ्या संख्येने कॅनडा, ब्रिटन, फ्रान्स या देशांत गेले. घर, शेत, शाळा मागे राहिली. गाणी तेवढी बरोबर नेता आली. अशा माणसाच्या स्मरणरंजनाला भाबडेपणा म्हणणे हा त्याच्यावर अन्याय आहे.

जेथे ओढ, तेथे बाजार आलाच. २०१७ साली 'सारेगामा' कंपनीने जुनी गाणी भरलेला 'कारवां' हा संच विक्रीस आणला. त्याची तामिळ आवृत्तीही निघाली. त्याच वर्षी इळैयराजांनी आपले जुने सहकारी एस. पी. बालसुब्रह्मण्यम यांनाही नोटीस दिली, तेव्हा अनेक रसिक दुखावले. तथापि, यामागील इतिहास दृष्टीआड करून चालणार नाही. मोबदला देऊन चित्रपटासाठी करवून घेतलेल्या संगीताचा हक्क, उलट करार नसल्यास, निर्मात्याकडे जातो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये दिला होता. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार व संगीतकार यांना स्वामित्वधनाचा वाटा दिला. तो वारस किंवा हक्कसंस्था यांखेरीज कोणालाही देऊन टाकता येत नाही. ही सुधारणा न्याय्य होती, पण जुन्या करारांची भांडणे तिने मिटली नाहीत.

या भांडणात तिसरा पक्ष श्रोत्यांचा आहे आणि त्याची दखल कोणी घेत नाही. ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीनंतर साठ वर्षे टिकतो. म्हणजे १९६४ पर्यंतच्या मुद्रणांवरील हक्क २०२४ अखेर संपला. शब्द व चाल यांवरील हक्क मात्र रचनाकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षे राहतो. कण्णदासन १९८१ मध्ये गेले, त्यांचे शब्द २०४१ अखेरपर्यंत बंधनात राहतील. विश्वनाथन २०१५ मध्ये गेले, त्यांच्या चाली २०७५ अखेरपर्यंत. शिवाय हक्क संपला, तरी चांगली मूळ फीत ज्याच्या कपाटात आहे, किल्ली त्याच्याच हाती राहते. ती फीत बुरशीने खराब झाली, तर कायद्याने दिलेले स्वातंत्र्य निरर्थक ठरते.

पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून चित्रपट जपण्याचे काम करीत आले आहे. चित्रपटगीतांच्या मूळ मुद्रणांसाठीही तितक्याच आस्थेची सार्वजनिक व्यवस्था हवी. मुद्रणाची एक उत्तम प्रत, गीतकार, गायक व वादक यांच्या नावांसह, तेथे जमा करण्याचे बंधन कंपन्यांवर घालता येईल. त्यामुळे त्यांचा व्यापार बुडणार नाही आणि कलावंताचे मानधनही घटणार नाही. मालकी कोणाची, हे न्यायालये ठरवतील. पण त्यांचा निकाल लागेपर्यंत गाणी शाबूत राहतील, हे पाहणे समाजाचे काम आहे.