शुल्क घेतले, तर अर्जही वाचा

नागपूर खंडपीठाला शिक्षणसंस्थांच्या याचिका नव्या नाहीत. तुकडी, अनुदान, मान्यता, वेतन. विदर्भातले संस्थाचालक सिव्हिल लाइन्सच्या चकरा मारतच असतात. या गर्दीत अध्यापक महाविद्यालयाच्या अर्ज-शुल्काचा वाद किरकोळ वाटतो. संस्थाचालक आणि परिषद यांचा पैशांचा व्यवहार, आपल्याला काय त्याचे? मला मात्र तो किरकोळ वाटत नाही.

बी.एड. किंवा डी.एल.एड. अभ्यासक्रम सुरू करायचा तर राष्ट्रीय अध्यापक शिक्षा परिषदेची मान्यता लागते. १९९३ च्या कायद्यातील कलम १४ प्रमाणे अर्जासोबत शुल्क भरायचे असते आणि ते केंद्र सरकार नियमांनी ठरवते. २०१४ च्या विनियमांनंतर ही रक्कम १,५०,००० रुपयांवर गेली. त्याच विनियमांत एक तरतूद आहे: अर्ज अपूर्ण असेल किंवा आवश्यक कागद जोडलेले नसतील, तर अर्ज फेटाळायचा आणि शुल्क जप्त करायचे.

आता मूळ कायदा पाहा. मान्यता नाकारण्यापूर्वी संस्थेला लेखी म्हणणे मांडण्याची वाजवी संधी द्यावी, असे कलम १४ सांगते. शुल्क जप्तीचा शब्दही त्यात नाही. म्हणजे इमारत, ग्रंथालय, अध्यापक तपासून नकार द्यायचा तर संधी. पण एक कागद राहिला तर संधी नाही आणि पैसेही गेले. मोठ्या चुकीला सुनावणी, छोट्या चुकीला दंड!

शुल्क म्हणजे कर नव्हे. १९५४ च्या शिरूर मठ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा फरक सांगितला: शुल्काच्या बदल्यात काही सेवा असते. नंतरच्या निकालांनी हे बंधन बरेच सैल केले, पै-पैचा हिशेब जुळलाच पाहिजे असे नाही. पण ज्या छाननीसाठी पैसे घेतले ती झालीच नाही, तर उरतो तो निव्वळ दंड. आणि दंड आकारायचा तर मूळ कायद्याचा आधार हवा.

यावर एक उत्तर ठरलेले असते: एवढी कडक अट नसेल तर शिक्षणाची दुकाने उघडतील. चिंता खरी आहे, उपाय चुकीचा आहे. महाराष्ट्रानेच ते पाहिले. राज्य सरकारची शिफारस प्रतिकूल असताना पश्चिम विभागीय समितीने २००८ मध्ये आपल्याकडच्या २९१ डी.एड. संस्थांना मान्यता दिली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, २०११ मध्ये न्या. जे. एस. वर्मा यांचा आयोग नेमला गेला आणि २०१२ च्या अहवालात त्यातल्या बहुसंख्य संस्था निकषांवर टिकल्या नाहीत. या संस्थांनीही शुल्क भरलेच होते. शुल्काने दुकान अडत नाही. अडते ते प्रत्यक्ष तपासणीने.

मग अडतो कोण? ज्याच्याकडे सल्लागार आहे त्याची फाइल पूर्ण असते. अडते ती लहान संस्था. समजा, मोमिनपुऱ्यातल्या किंवा कामठीतल्या एखाद्या ट्रस्टने उर्दू माध्यमाचे शिक्षक घडवायचे ठरवले. वर्गणीतून दीड लाख जमवले आणि जमिनीचा एक दाखला वेळेत मिळाला नाही. जकात-चंद्याचा हिशेब देणाऱ्या त्या सचिवाने जमातीसमोर काय सांगायचे? अनुच्छेद ३० संस्था स्थापण्याचा हक्क देतो, निकषांतून सूट देत नाही. सूट मागूही नये. मागायची ती फक्त न्याय्य वागणूक, आणि ती हिंदू, मुस्लिम, आदिवासी अशा प्रत्येक लहान संस्थेसाठी.

२००६ मध्ये संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की मान्यतेचा निर्णय परिषदेचा आहे, राज्य सरकार तो डावलू शकत नाही. अधिकार एकाच दारी असेल तर जबाबदारीही त्याच दारी. अर्जातली त्रुटी लेखी कळवा, दुरुस्तीला एक ठरावीक मुदत द्या. तरीही अर्ज अपूर्ण राहिला तर झालेला खर्च कापून बाकी रक्कम परत करा. आणि पूर्ण अर्ज आला की संस्थेत जाऊन नीट पाहा.

कारण बुडालेले शुल्क संस्थाचालक फार काळ खिशातून सोसत नाही. पुढे ते विद्यार्थ्याच्या फीमध्ये चढते. तोच विद्यार्थी उद्या कर्ज डोक्यावर घेऊन आपल्या मुलांच्या वर्गात उभा राहणार आहे.