सुटीचा पगार : दुकान बंद, म्हणून हजेरीही बंद?

सणाला दुकान बंद ठेवले की नोकराची त्या दिवसाची हजेरी मांडायची नाही, ही सोलापूरच्या बाजारातली जुनी रीत आहे. ईदला शटर ओढणारे आमचे काही व्यापारी बंधू पूर्वभागातल्या तेलुगू पोराचा त्या दिवसाचा रोज कापतात. तिकडे नारळी पौर्णिमेला मार्कंडेय रथोत्सवासाठी माग बंद राहिले की आमच्या पोरांचा खाडा पडतो. दोन्हीकडचे मालक एकच सांगतात : काम नाही तर दाम नाही. पण नोकराने मागितलीच नव्हती अशी सुटी नोकराच्या खिशातून का भरायची, याचे उत्तर आम्हाला अजून कोणी दिलेले नाही.

२०१७ च्या महाराष्ट्र दुकाने व आस्थापना कायद्याने आठ पगारी सुट्या ठरवल्या. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर या चार ठरलेल्या. उरलेल्या चार सणांच्या, आणि त्या मालक व नोकर यांनी वर्ष सुरू होण्यापूर्वी आपसांत ठरवायच्या. त्या दिवशी कामाला बोलावले तर दुप्पट पगार आणि वर बदली सुटी. याखेरीज वर्षाला आठ किरकोळ रजा. वर्षात २४० दिवस भरले असतील तर दर वीस दिवसांमागे एक हक्काची रजा, साठवता येईल ४५ दिवसांपर्यंत.

आता खरी मेख. हे सारे दहा वा अधिक नोकरांच्या आस्थापनांना होते. २०२५ साली राज्य सरकारने ती मर्यादा वीसवर नेण्याचा निर्णय घेतला. चाटी गल्लीतल्या किती दुकानांत वीस माणसे आहेत, हे वाचकांनीच मोजावे. म्हणजे ज्याच्या ओळखीवर गिऱ्हाईक दुकानात येते, त्या जुन्या नोकराची सुटी मालकाच्या मर्जीवर राहिली.

कारखान्यांचे वेगळे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या कामगार संहिता लागू झाल्या आणि १९४८ चा कारखाने कायदा त्यात विलीन झाला. हक्काच्या रजेसाठी पूर्वी २४० दिवस भरावे लागत, आता १८० पुरतात. दर वीस दिवसांना एक रजा हे प्रमाण तेच. ही गोष्ट चांगली झाली, असे आम्ही मोकळेपणाने म्हणतो. सूत महागले वा मागणी मंदावली की माग थांबतात, आणि अशा वर्षी २४० दिवस भरताना कामगाराची दमछाक होत असे.

गोंधळ आहे तो हिशोबात. मागावरचा कामगार नगावर कमावतो. त्याच्या रजेचा एका दिवसाचा पगार किती? जुन्या कायद्याची रीत अशी होती : रजेच्या आधीच्या महिन्याची कमाई, ओव्हरटाइम व बोनस वगळून, भागिले प्रत्यक्ष काम केलेले दिवस. समजा, २२ दिवसांत ८,८०० रुपये झाले, तर दिवसाला ४००, आणि दहा दिवसांच्या रजेचे ४,०००. काही मुनीम तीसने भागतात. मग तेच २,९३३ वर येतात. हजारावर रुपये एका भागाकारात गेले! कामगाराला भागाकार दाखवत नाहीत, नुसते पाकीट देतात. चार दिवस वा अधिक रजा असेल तर पैसे रजेआधी द्यावेत, असेही त्या कायद्यात होते. ईदचा बाजार ईदच्या आधी होतो, हे मालकांना वेगळे सांगायला नको.

घरी बसून विड्या वळणाऱ्या आमच्या बहिणींचा प्रश्न याहून अवघड. १९६६ च्या विडी कामगार कायद्याने घरी काम करणारीलाही पगारी रजेचा हक्क दिला होता. तो कायदाही आता संहितेत गेला आहे. पण रजा मोजायची ती कार्डावरच्या नोंदीवरून. कार्ड एकीचे, वळणाऱ्या दोघी, असे अनेक घरांत चालते. दुसरीचे वर्ष कुठेच लिहिले जात नाही. आणि विड्या देऊनही ज्या दिवसाची नोंद पडली नाही, तो दिवस रजेच्या हिशोबात भरत नाही. विड्या देताना नोंद झाली का, हे तिथेच उभे राहून पाहिले पाहिजे. घरात शाळेत जाणारे पोर असेल तर त्याच्याकडून दर आठवड्याला कार्ड वाचून घ्यावे.

लहान दुकानदार म्हणतील, उधारी वसूल होत नाही, त्यात हे कुठून द्यायचे? रोज ४०० धरला तर आठ सुट्यांचे एका नोकरामागे वर्षाला ३,२०० रुपये होतात. ही रक्कम फुकट नाही, हे आम्हाला मान्य आहे. मात्र कसबी कटर वा शिलाईवाला पुण्याला निघून गेला तर नवा तयार करायला काय लागते, तेही याच वहीत मांडून पाहावे.

चार सण ठरवताना नोकरांना विचारावे. दोन्ही ईद, दिवाळी, आंबेडकर जयंती, गड्डा, ज्या दुकानात जशी माणसे. ईदपुढे तारीख न घालता ‘चंद्रदर्शनाप्रमाणे’ असे लिहावे, म्हणजे आदल्या रात्री वाद नको. कागदावर सर्वांच्या सह्या घेऊन तो ३१ डिसेंबरपूर्वी गल्ल्यामागच्या भिंतीवर लावावा.